नवरसपूरचा राजा

सोलापूरकराला विजापूर वेस कुठे आहे हे सांगावे लागत नाही. कॉलेजला येताना मी रोज तिथूनच येतो. सकाळच्या वेळी तिथे चार भाषा एकदमच कानावर पडतात. भाजीवाल्या मावशी कानडीत भाव सांगतात, गिऱ्हाईक मराठीत घासाघीस करते, पूर्व भागातून आलेली माणसे आपसांत तेलुगू बोलतात, आणि रिक्षा स्टँडवरची पोरे दखनीत एकमेकांची थट्टा करीत असतात. या गलबल्यातून वाट काढताना वेस म्हणजे दार, आणि दार म्हटले की ते कुठेतरी उघडत असले पाहिजे, एवढा साधा विचारही माझ्या मनात कधी आला नव्हता. ते दार ज्या शहराकडे उघडते, त्या शहराच्या एका राजाचे आपल्या गावाशी फार जुने नाते आहे. हे मला तृतीय वर्षाला येईपर्यंत ठाऊक नव्हते.

गेल्या हिवाळ्यात आमच्या इतिहासाच्या वर्गाची सहल विजापूरला गेली. त्या शहराचे नाव २०१४ साली बदलून विजयपुर झाले. पण आपल्या तोंडी विजापूरच बसले आहे, म्हणून इथेही तेच वापरतो. सुमारे शंभर किलोमीटरचा रस्ता गप्पा-गाण्यांत कसा सरला ते कळलेच नाही. गोलघुमटाच्या कोपऱ्यातल्या मनोऱ्याचा अरुंद जिना चढून आम्ही वरच्या सज्जात पोहोचलो आणि जो तो आपापले नाव घेऊन ओरडू लागला. घुमट ते नाव सातआठ वेळा परत करी, दरवेळी थोडे पुसट, आणि मग गिळून टाकी. भिंतीला तोंड लावून कुजबुजले की समोरच्या भिंतीला कान लावलेल्या मित्राला शब्दन् शब्द ऐकू येई. मधले अंतर सुमारे अडतीस मीटर. आवाज सेकंदाला सुमारे तीनशे चाळीस मीटर धावतो, म्हणजे एवढे अंतर तोडायला त्याला सेकंदाचा दहावा भाग पुरतो. वर्गातल्या एकाने हा सारा घोष मोबाइलवर ध्वनिमुद्रित करून घेतला. परतीच्या गाडीत आम्ही तो मोठ्या उत्साहाने लावला. पत्र्यावर पाऊस पडावा तसा नुसता आवाज! कुणाचे नाव कोणते, काहीही ओळखू येईना.

त्यावरून गाडीत बोलणे निघाले. आमच्या सरांनी एक गमतीचा प्रश्न टाकला. बोललेला शब्द, गायलेला सूर हवेत विरून न जाता जमिनीवर, भिंतींवर, पाण्यावर कायमची खूण ठेवून जातो, असा एखादा मुलूख असता तर तिथली माणसे कशी वागली असती? कुणी म्हणाले, तिथे कुणी खोटे बोलले नसते. कुणी म्हणाले, तिथे कुणी गायलेच नसते, कारण बेसूर कायमचा राहिला असता. हशा झाला. मग सर म्हणाले की असा मुलूख कुठे नाही. पण तो उभारायला निघालेला एक राजा आज आपण ज्या गावाहून आलो तिथेच होऊन गेला, आणि त्याचे घुमटाशी नव्हे तर त्या गावाच्या पश्चिमेच्या एका उजाड शेताशी नाते आहे. तो राजा म्हणजे दुसरा इब्राहिम आदिलशाह.

पुढचे काही महिने मी ग्रंथालयात जे मिळेल ते वाचत गेलो. या लेखात त्याचे चरित्र माझ्या समजुतीप्रमाणे सांगण्याचा प्रयत्न करीत आहे.

या चरित्राची सुरुवात सोलापूरपासून करणे भाग आहे. तालिकोटच्या १५६५ च्या लढाईपूर्वी दक्षिणेतल्या सुलतानांनी आपसांतले वैर तात्पुरते मिटवले आणि सोयरिकी जुळवल्या. अहमदनगरच्या हुसेन निजामशाहाने आपली मुलगी चांदबीबी विजापूरच्या अली आदिलशाहाला दिली, आणि लेकीबरोबर सोलापूरचा किल्ला आंदण दिला. सिद्धेश्वर तळ्याकाठी ज्या किल्ल्याच्या बागेत आपण परीक्षेच्या दिवसांत पुस्तके घेऊन बसतो, तोच हा किल्ला. आंदण दिलेली वस्तू परत मागू नये असा आपल्याकडचा संकेत. पण या आंदणावर माहेरचा डोळा कायम राहिला. पुढची साठ वर्षे सोलापूर हे या दोन घराण्यांतले न मिटलेले भांडण होते.

अली आदिलशाहाला मूल नव्हते. १५८० साली त्याचा खून झाला आणि त्याचा भाऊ तहमास्प याचा नऊ वर्षांचा मुलगा इब्राहिम गादीवर बसला. त्याला वाढवण्याची जबाबदारी चांदबीबीवर आली. ते दिवस कठीण होते. कामिलखान, किश्वरखान, इखलासखान, दिलावरखान असे एकामागून एक सरदार कारभारी झाले आणि प्रत्येकाने राजाच्या नावाने स्वतःचे राज्य केले. किश्वरखानाने तर चांदबीबीलाच साताऱ्याच्या किल्ल्यात कैदेत टाकले. तो पळाल्यावर ती सुटून परत आली. नऊदहा वर्षांच्या पोराने हे सगळे डोळ्यांनी पाहिले. ज्या घरात मोठ्या माणसांचा आवाज चढला की कुणाचा तरी जीव जातो, त्या घरात वाढलेले मूल सुरांकडे का वळले असेल, याचे कारण मला इथे दिसते. हा माझा तर्क आहे, इतिहास नव्हे.

१५९० मध्ये, विशीच्या आसपास, इब्राहिमने दिलावरखानाला दूर करून कारभार स्वतःच्या हाती घेतला. त्याचे चरित्र लिहिताना नुसती संगीताची आवड सांगून मोकळे होणे अप्रामाणिकपणाचे ठरेल. बेळगावात अटकेत असलेल्या इस्माईल या त्याच्या सख्ख्या भावाने बंड केले, तेव्हा ते बंड मोडण्यात आले आणि भावाचा अंत झाला. सत्तेच्या बाबतीत हा राजा त्या काळच्या इतर राजांहून वेगळा नव्हता. एका हाती तंबोरा धरणाऱ्या माणसाच्या दुसऱ्या हाती काय असते हे विसरून त्याची पूजा बांधू नये, असे मला वाटते.

पण तंबोरा मात्र खरा होता. इब्राहिमच्या तंबुऱ्याला नाव होते, मोतीखान. त्याच्या लाडक्या हत्तीचे नाव आतशखान. दोघांवरही त्याने पदे रचली. तो स्वतः गात असे, वाजवत असे, चित्रे काढत असे, आणि सुलेखनात त्याचा हात चांगला होता. फर्रुखबेगसारखा नामवंत चितारी त्याच्या दरबारी होता. त्या काळच्या चित्रांत हा राजा तलवार घेऊन क्वचितच दिसतो. एका चित्रात तो तंबुरा वाजवीत बसला आहे. ते चित्र आज प्रागच्या संग्रहालयात आहे. लंडनच्या ब्रिटिश म्युझियममधल्या चित्रात त्याच्या हाती करताळ आहेत. काही चित्रांत त्याच्या गळ्यात रुद्राक्षांची माळ दिसते. विजापूरच्या राजाचे रूप पाहायला आज युरोपात जावे लागते, ही गोष्ट निराळी.

त्याच्या पदांचा संग्रह म्हणजे किताब-ए-नवरस. त्यात एकोणसाठ पदे आणि सतरा दोहे आहेत. भाषा फारसी नाही, दखनी आहे, आणि तीत संस्कृतातून व ब्रजातून आलेले शब्द सर्रास सापडतात. प्रत्येक पद कोणत्या रागात गायचे हे वर लिहिलेले आहे: भूपाळी, भैरव, आसावरी, मल्हार, केदार, कल्याण, कानडा. पदांचे विषय पाहिले की मन थबकते. सरस्वतीची स्तुती आहे, गणपतीची आहे, शिवपार्वतीचे वर्णन आहे, आणि त्याच वहीत पैगंबराची व गुलबर्ग्याच्या ख्वाजा बंदेनवाजांचीही स्तुती आहे. एके ठिकाणी तो गणपतीला पिता आणि सरस्वतीला माता मानतो. लोक त्याला जगद्गुरू म्हणत आणि त्यालाही ती पदवी आवडत असे. आजच्या वादांत त्याचे नाव दोन्ही बाजूंनी ओढले जाते. मला मात्र असे वाटते की त्याने हे कुणाला काही पटवून देण्यासाठी केले नाही. गाणे ज्या भाषेत, ज्या दैवतांच्या नावांनी त्याच्या कानांवर आले, त्याच भाषेत त्याने ते पुढे गायले. ज्याने गुरूकडून धृपद घेतले त्याला सरस्वती टाळता येत नाही. मोगल बादशहा जहांगीर याने आपल्या आठवणींत बख्तरखान कलावंत नावाच्या गायकाचा उल्लेख केला आहे. इब्राहिमने त्याला गाण्यातला गुरू मानले होते आणि आपली पुतणी त्याला दिली होती. गवयाला जावई करून घेणारा राजा त्या काळी विरळाच.

नवरस हा शब्द तर त्याला जणू झपाटून राहिला होता. आपल्याला तो भरताच्या नाट्यशास्त्रापासून परिचित आहे: शृंगार, वीर, करुण आदी रस. पण फारसीत नवरस म्हणजे नुकतेच पिकलेले, नव्याने हाती आलेले फळ. दोन्ही भाषांत गोड लागणारा हा शब्द त्याने राज्यभर पेरला. पदांच्या पुस्तकाचे नाव नवरस. नाण्याचे, शिक्क्याचे, निशाणाचे, महालाचे नाव नवरस. दरवर्षीच्या उत्सवाचेही तेच. जुहूरी या इराणी कवीने पुस्तकाला फारसीत प्रस्तावना लिहिली आणि ती फारसी गद्याचा नमुना म्हणून पुढे दूरवर वाचली गेली. अहमदनगर सोडून विजापूरला आलेल्या फिरिश्ता या इतिहासकाराने याच राजाच्या आश्रयाने आपला मोठा ग्रंथ लिहिला. इतिहासाच्या विद्यार्थ्याला फिरिश्त्याशिवाय एक पाऊल टाकता येत नाही. त्या ग्रंथाचे एक नाव नवरसनामा असेही आहे हे आमच्यापैकी किती जणांना माहीत असेल?

आणि मग १५९९ साली त्याने शहर वसवायला घेतले. विजापूरच्या पश्चिमेला तोरवी गावाजवळ नवी राजधानी. नाव अर्थातच नवरसपूर. सरदारांना वाडे बांधायला सांगितले, व्यापाऱ्यांना बोलावले, गवयांना व वादकांना घरे दिली. विजापूरलाही कवेत घेईल एवढ्या मोठ्या तटाची आखणी झाली. मध्यभागी महाल उभा राहिला. त्याच्या पडक्या भिंतींना आज संगीत महाल म्हणतात. आपल्याकडे राजांनी स्वतःच्या नावाने, देवाच्या नावाने, विजयाच्या नावाने शहरे वसवली आहेत. रसांच्या नावाने शहर वसवणारा दुसरा राजा मला तरी आढळला नाही. सूर टिकत नाही. म्हणून त्याचे नाव नाण्यावर उमटवावे, निशाणावर चढवावे, दगडात बांधावे, आणि ज्या रस्त्यावरून माणसे चालतील त्या रस्त्यालाच ते द्यावे. सरांनी गाडीत विचारलेला मुलूख तो हाच.

इथपर्यंत वाचले तेव्हा मी या राजाच्या प्रेमात पडलो होतो. पण सनावळी जुळवू लागलो आणि अडखळलो. मोगलांनी १५९५ च्या अखेरीस अहमदनगरला वेढा घातला तेव्हा विधवा चांदबीबी आपल्या माहेरचा किल्ला लढवीत होती. इब्राहिमने मदत पाठवली होती, हे खरे. १५९७ मध्ये सुहेलखानाच्या हाताखालची दख्खनी फौज गोदावरीकाठी मोगलांशी झुंजली आणि हरली. त्यानंतर दोनच वर्षांनी नवरसपूरची पायाभरणी झाली. आणि १६०० मध्ये अहमदनगरच्या किल्ल्यात चांदबीबीची तिच्याच माणसांनी हत्या केली व किल्ला मोगलांच्या हाती गेला. जिने या मुलाला वाढवले, ती बाई तिकडे तटावर उभी, आणि हा इकडे सुरांच्या शहराचे नकाशे पाहत बसलेला! मला हे फार खटकले. वर्गात मी हे बोलून दाखवले तेव्हा चांगलाच वाद झाला. एक मैत्रीण म्हणाली की हा माणूस बेजबाबदार होता, बाकी सगळी सजावट आहे. मला तिचे म्हणणे खोडता आले नाही.

आता, थोडे अधिक वाचल्यावर, माझे मत असे झाले आहे. उत्तरेकडून येणारी सत्ता लढून थोपवता येणार नाही हे गोदावरीकाठच्या पराभवानंतर त्याला उमगले असावे. त्यापुढे त्याने वाटाघाटी केल्या, भेटी पाठवल्या, वेळ काढला. अखेर १६०४ साली आपली मुलगी अकबराचा मुलगा दानियाल याला दिली. दानियाल पुढच्याच वर्षी वारला. म्हणजे पित्याने राज्य वाचवण्यासाठी दिलेली लेक वर्षाच्या आतच विधवा झाली. इब्राहिमच्या हयातीत मोगलांना विजापूर घेता आले नाही, उलट १६१९ मध्ये त्याने बीदरचे राज्य आपल्या राज्याला जोडले. तेव्हा तो राज्य विसरलेला राजा नव्हता. पण त्याच्या शहराची किंमत घरच्या बायकांनी मोजली, आधी चांदबीबीने आणि मग त्याच्या मुलीने, हे माझ्या मैत्रिणीचे म्हणणे मी अजूनही खोडू शकत नाही, आणि खोडू इच्छितही नाही.

या लग्नाच्या कामासाठी अकबराचा असदबेग नावाचा वकील विजापूरला आला होता. त्याने विजापूरच्या बाजाराचे मोठे रसभरित वर्णन लिहून ठेवले आहे. तंबाखू त्याने पहिल्यांदा इथेच पाहिली आणि अकबराला भेट म्हणून ती तो घेऊन गेला. पण मला त्याने सांगितलेली दुसरीच हकिकत विसरता येत नाही. राजा गाण्यात इतका बुडालेला होता की त्याला वकिलाशी बोलायलाही जड जात होते. भानावर आल्यावर त्याने तह, फौज, लग्न यांतले काही विचारले नाही. त्याने तानसेनाविषयी विचारले. तानसेन गाताना बसत असे की उभा राहत असे? असदबेगाने सांगितले की दिवसा दरबारात त्याला उभे राहून गावे लागे, रात्री मात्र बसून गाण्याची मुभा होती. तानसेनाला जाऊन तेव्हा चौदापंधरा वर्षे झाली होती. जो आवाज ऐकायला मिळाला नाही आणि आता कधीच मिळणार नाही, त्याचे निदान बसणेउठणे तरी कळावे, म्हणून हा राजा धडपडत होता. ही हकिकत वाचली आणि मला या माणसाचा राग धरता येईना.

आपल्याला आज त्याची अडचण नीट कळणेही कठीण आहे. आपण खिशातल्या यंत्रात पाहिजे तो आवाज साठवतो. पण माणसाला आवाजाची खूण प्रथम पकडता आली ती १८५७ साली, फ्रान्समधल्या एदुआर-लेओं स्कॉत या गृहस्थाच्या यंत्राने. काजळी धरलेल्या कागदावर आवाजाने हलणारी एक बारीक काडी रेघ ओढीत असे. रेघ दिसे, ऐकू काहीच येत नसे. त्याने १८६० मध्ये घेतलेल्या अशा एका कागदावरचे गाणे २००८ साली संगणकाच्या साहाय्याने प्रथमच ऐकता आले. एडिसनचा बोलणारा फोनोग्राफ १८७७ चा. त्याआधी जगात जे जे गायले गेले ते सगळे त्या त्या संध्याकाळीच संपले. तानसेन संपला. इब्राहिमही संपला.

त्याचे शहर तर त्याच्या डोळ्यांदेखतच संपले. तट पुरा झालाच नाही. राजधानी हलवली तर अरिष्ट येईल असे ज्योतिष्यांनी सांगितले म्हणून काम थांबले, अशी दंतकथा आहे. दंतकथा राहू द्या. घाव घातला तो मलिक अंबरने. १६२४ हे वर्ष आपल्याला भातवडीच्या लढाईमुळे माहीत असते. अंबरच्या बाजूने लढताना शहाजीराजांचे बंधू शरीफजी तिथे पडले. मोगल आणि आदिलशाही या दोन्ही फौजांना अंबरने त्या लढाईत धूळ चारली. त्याच धामधुमीत त्याने विजापूरवर चाल केली. विजापूरचा तट भक्कम होता; नवरसपूरला मात्र पुरा तटच नव्हता. शहर लुटले गेले, वाडे मोडले गेले. त्याच स्वारीत सोलापूरचा किल्लाही अंबरने घेतला. चांदबीबीचे आंदण आणि तिच्या लाडक्या पुतण्याचे शहर, दोन्ही एकाच झंझावातात गेले. १६२७ साली इब्राहिम वारला. वसवल्यापासून मोडेपर्यंत नवरसपूरला अवघी पंचवीस वर्षे मिळाली.

मला ती जागा पाहायची होती. म्हणून मार्चमध्ये आम्ही दोघे मित्र एस.टी.ने पुन्हा विजापूरला गेलो आणि तिथून रिक्षाने तोरवीला. हेच ते तोरवी, जिथल्या कवीने कानडीत तोरवे रामायण रचले. शेतांच्या मधोमध संगीत महाल उभा आहे. मध्ये एक मोठी कमान, दोन्ही बाजूंना अरुंद कमानी, वर छप्पर नाही. आजूबाजूला ज्वारी काढून झाली होती. सावलीत शेळ्या बसल्या होत्या. मी कमानीखाली उभा राहून टाळी वाजवली. काही घुमले नाही. मग मित्राने मोठ्याने हाक मारली. तीही उघड्या आभाळात गेली. त्याच्या मुलाने बांधलेल्या गोलघुमटात कुणीही, काहीही ओरडले तरी ते सातआठ वेळा परत येते. ज्याने सुरासाठी शहर बांधले त्याच्या महालात मात्र एक टाळीही परत येत नाही.

परतताना आम्ही इब्राहिम रोजा पाहिला. तिथे तो आपल्या कुटुंबीयांसह चिरनिद्रा घेत आहे. खिडक्यांच्या दगडी जाळ्या नुसत्या नक्षीच्या नाहीत. अक्षरेच दगडातून आरपार कोरून त्यांची जाळी केली आहे. आत उभे राहिले की उजेड त्या अक्षरांमधून गाळून येतो. दगडात शब्द राहू शकतो हे तिथे दिसते. चाल राहू शकत नाही.

किताब-ए-नवरसचीही तीच गत आहे. ते पुस्तक नकलाकारांच्या कृपेने टिकले. नझीर अहमद यांनी अनेक हस्तलिखिते ताडून त्याची आवृत्ती सिद्ध केली आणि ती १९५६ साली दिल्लीहून प्रसिद्ध झाली. प्रत्येक पदावर रागाचे नाव आहे, पण सूर लिहून ठेवण्याची रीत तेव्हा तशी नव्हती. वर भूपाळी लिहिले आहे म्हणून आपण आज गातो ती भूपाळीच ती, असेही म्हणता येत नाही. चारशे वर्षांत रागांचीही रूपे बदलतात. राजाची वही आपल्या हाती आली, गाणे आले नाही. म्हणजे त्याचा सारा खटाटोप फुकट गेला, असेच मी या लेखाच्या शेवटी लिहिणार होतो.

पण तोरवीहून परतताना एक गोष्ट घडली. बरोबर आलेला माझा मित्र विजापूर वेशीजवळ राहतो आणि त्याच्या घरी दखनी बोलतात. मी वहीत त्यातली काही पदे देवनागरीत उतरवून घेतली होती. विजापूरच्या बस स्टँडवर गाडीची वाट पाहताना ती त्याला वाचायला दिली. मी शब्दकोश घेऊन ज्यांवर तासन् तास बसलो होतो त्यांतले बरेच शब्द तो सहज सांगू लागला, आणि दोनचार शब्दांना तर हसूच लागला, कारण ते त्याने त्याच्या नानीखेरीज दुसऱ्या कुणाच्या तोंडून ऐकलेले नव्हते. आमचे बोलणे मग दखनीवरच वळले. दखनी माणूस नाही म्हणताना नक्को म्हणतो, ते आपलेच नको. शब्दावर जोर देताना तो शेवटी च लावतो, तोही आपलाच च. हे शब्द कुणी दगडात कोरले नव्हते, नाण्यावर उमटवले नव्हते. राजाने आपल्या पदांसाठी जी बोली निवडली ती बाजारात, चुलीपाशी, पाळण्यापाशी रोज बोलली जात राहिली, एवढेच. नवरसपूर पंचवीस वर्षांत मोडले. ही बोली चारशे वर्षे मोडली नाही, आणि तिला तट लागला नाही.

मात्र तिलाही धोका नाही असे नाही. मित्र म्हणाला की नानीचे ते शब्द त्याच्या धाकट्या बहिणीला आता कळत नाहीत. माझ्या आजीच्या जात्यावरच्या ओव्याही माझ्या आईला अर्ध्याच येतात आणि मला एकही येत नाही. मोबाइल माझ्या खिशात होता, आजी होती तेव्हाही होता. मी कधी तो तिच्यापुढे धरला नाही, आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे कधी तिच्याजवळ बसून तिच्या मागोमाग म्हटले नाही. इब्राहिमने निदान एका परक्या वकिलाला तानसेन कसा बसतो हे विचारले होते.

गाडीला तासभर उशीर होता. मित्राने वही पुन्हा उघडली आणि कल्याणातले एक पद हळूहळू गुणगुणू लागला. शेजारी बाकावर बसलेल्या एका म्हाताऱ्या बाईने मान वळवून ऐकले. शब्द राजाचे होते. चाल अर्थातच त्याची स्वतःची होती.